कल्याण आणि संसार : तंजावरी विवाहनाट्यापासून दूरदर्शनवरील ‘चिमणराव’पर्यंत

कुंभकोणमहून मयिलाडुतुरैकडे जाणाऱ्या रस्त्यावर तिरुविडैमरुदूर मागे पडले की गोविंदपुरम् हे लहानसे गाव लागते. कांची कामकोटी पीठाचे आचार्य बोधेंद्र सरस्वती यांची सतराव्या शतकाच्या अखेरची समाधी येथे आहे. नामसंकीर्तनाच्या दाक्षिणात्य परंपरेत त्यांचे स्थान आद्य गुरूचे मानले जाते. नदीच्या वाळूत लोपलेली ही समाधी मरुदानल्लूरच्या सद्गुरुस्वामींनी (१७७७–१८१७) शोधून काढली आणि तंजावरच्या राजाच्या साहाय्याने पात्र वळवून ती सुरक्षित केली, असे परंपरा सांगते. याच गावात २०११ मध्ये उभे राहिलेले विठ्ठल-रुक्मिणीचे मंदिर आहे. त्याचे शिखर मराठी धाटणीचे असून द्राविड गोपुरांच्या त्या प्रदेशात ते दुरूनच वेगळे दिसते.

मरुदानल्लूरच्या स्वामींनी घालून दिलेल्या भजनपद्धतीत जयदेवाच्या अष्टपद्या, नारायणतीर्थांचे तरंग, सदाशिवब्रह्मेंद्र व पुरंदरदास यांची पदे आणि मराठी अभंग एका क्रमात गायिले जातात. या पद्धतीचा कळस म्हणजे राधाकल्याण किंवा रुक्मिणीकल्याण. देवदेवतेचा विवाह तेथे सांगितला जात नाही, तो लावला जातो. उंच्छवृत्तीने मिळालेले धान्य, हळद कुटण्याचा विधी, मंगलसूत्र, आशीर्वादाची गाणी आणि अखेरीस हनुमंताचा उत्सव असा त्याचा क्रम असतो. उपस्थित मंडळी प्रेक्षक नसून वऱ्हाडी असतात. हा विवाह दरवर्षी होतो आणि वधूवरांचे वय एका दिवसानेही वाढत नाही. दक्षिणेकडील लग्नघरात ‘नलंगु’ नावाचा खेळ असतो. वधूवर समोरासमोर बसून नारळ घरंगळवतात, एकमेकांच्या डोक्यावर पापड फोडतात, बायका थट्टेची गाणी म्हणतात. महाराष्ट्रातील सुपारी लपवण्याच्या खेळाचे आणि उखाण्याचे हे सख्खे भावंड होय. तेवढ्यापुरता दोन माणसांचा एकमेकांशी संबंध येतो, मंगलाच्या भरजरी पडद्याला किंचित फट पडते. पण लग्नानंतरच्या सोमवारी सकाळी काय होते, याचा प्रवेश या नाट्यात नाही.

हा न लिहिलेला प्रवेश मराठी नाट्याला केव्हा आणि कोणत्या माध्यमात लिहिता आला, हा प्रस्तुत निबंधाचा विषय आहे. त्याचे उत्तर कावेरीच्या तीरावर मिळत नाही. ते मुंबई दूरदर्शनच्या कृष्णधवल पडद्यावर, १९७७ च्या सुमारास सुरू झालेल्या ‘चिमणराव’ या मालिकेत मिळते. परंतु तेथे काय घडले याचे मोल समजण्यासाठी आधी काय घडत आले होते ते पाहणे आवश्यक आहे.

प्रथम दोन शब्दांचा विचार करावा लागतो. मराठीत ‘कल्याण’ म्हणजे हित, मंगल. तमिळ व तेलुगूमध्ये त्याचा रूढ अर्थ लग्न असा आहे. तंजावरच्या मराठी नाटकांची ‘कल्याण’युक्त नावे हा दाक्षिणात्य अर्थ सरळ उचलतात. शब्द मराठी पोथीत आला, अर्थ मात्र भोवतालच्या भाषांतला राहिला. उलट ‘संसार’ या शब्दाचा प्रवास अधिक नाट्यमय आहे. जन्ममरणाचे चक्र हा त्याचा मूळ आशय मराठीत उतरत उतरत नवरा, बायको, मुले आणि शेवटी भांडीकुंडी येथवर आला. ‘संसार थाटला’ म्हणताना मोक्षाचा विचार कोणाच्या मनात नसतो, डबे, परात आणि अंथरुणे यांचा असतो. तमिळ बोलीत तोच शब्द बायकोसाठी वापरला जातो आणि मलयाळममध्ये तो ‘बोलणे’ या अर्थी रूढ आहे. एका संस्कृत शब्दाचे घर, बायको आणि संभाषण असे तीन वारस शेजारीशेजारी नांदतात, ही गोष्ट तौलनिक अभ्यासकाने लक्षात ठेवण्याजोगी आहे. दैनंदिन वैवाहिक जीवनाचे नाट्य उभे करायचे तर या तिन्हींची एकाच वेळी गरज असते.

मराठी भक्तिपरंपरेला या जीवनाची जाण नव्हती असे नाही. पंढरपूरची कथा मुळात रुसव्याची आहे. राधेला कृष्णाच्या मांडीवर पाहून रुक्मिणी द्वारका सोडते, दिंडीरवनात येऊन बसते आणि देव तिला शोधत येतो. पंढरपुरात रुक्मिणीचे देऊळ वेगळे आहे. त्या अंतराची लोकमानसाने लावलेली उपपत्ती शास्त्रीय नसेल, पण सांसारिक खचितच आहे. गोविंदपुरम्‌ला मात्र विठ्ठल आणि रुक्मिणी एकाच चौथऱ्यावर उभे आहेत. यावरून दक्षिणेने भांडण मिटवले असा निष्कर्ष काढणे घाईचे ठरेल, कारण महाराष्ट्रातील गावोगावच्या देवळांतही ही दोघे शेजारीच उभी असतात. मिटवलेले भांडण हाच सर्वत्र नियम आहे, पंढरपूर हा अपवाद. आणि या अपवादाचे नाटक झाले नाही, कीर्तनातले आख्यान झाले. तसेच जात्यावरच्या ओव्यांचे. सासर, नणंद, नवऱ्याचा राग, माहेरची वाट हे सारे ओवीत आहे आणि दळणाच्या पुनरावृत्तीशी त्याचा जैव संबंध आहे. पण ओवी एकीची असते. तिच्यातला नवरा बोलत नाही.

तंजावरच्या भोसल्यांच्या दरबारात मराठी नाटक लिहिले गेले, ते विष्णुदास भाव्यांच्या दीडशे वर्षे आधी. शहाजीराजांच्या (कारकीर्द १६८४–१७१२) नावावर असलेले ‘लक्ष्मीनारायण कल्याण’ साधारणपणे १६९० च्या सुमाराचे मानले जाते. क्षीरसागराच्या कन्येचा विष्णूशी विवाह हा त्याचा विषय. प्रतापसिंहांच्या (१७३९–१७६३) नावावरील नाटकांची केवळ नावे पाहिली तरी कल कळतो : ‘सीताकल्याण’, ‘पार्वतीकल्याण’, ‘रुक्मिणीकल्याण’, ‘उषाकल्याण’, ‘प्रभावतीकल्याण’. यक्षगानाच्या धर्तीवर गणेशस्तवन, सूत्रधार, पात्राचा प्रवेश सांगणारे पद, दरु, अधूनमधून गद्य संवाद आणि शेवटी मंगल अशी त्यांची बांधणी आहे. सरस्वती महाल ग्रंथालयाने या पोथ्या जपल्या आणि त्यांतील अनेक छापल्या, म्हणून त्यांच्याविषयी काही बोलता येते.

सगळी नाटके लग्नापाशीच का थांबतात? मंगलाने शेवट करण्याचा नाट्यसंकेत हे एक उत्तर झाले, पण ते पुरेसे नाही. ही नाटके उत्सवप्रसंगाची होती, आणि उत्सव हा आरंभाचा असतो, चालू राहण्याचा नसतो. शिवाय दरबारी जीवनात विवाह हा सोयरिकीचा, म्हणजे राजकारणाचा, आणि बहुभाषिक राज्यात भाषांच्या मेळाचाही प्रसंग होता. शहाजीराजांच्या ‘पंचभाषाविलास’ या नाटकात निरनिराळ्या देशींच्या राजकन्या आपापल्या भाषेत बोलतात. संस्कृत, तेलुगू, तमिळ, मराठी आणि हिंदी या पाच भाषा एका रंगभूमीवर येतात आणि विवाहात त्यांची सांगता होते. या राजकन्या एका अंतःपुरात राहू लागल्यावर कोणत्या भाषेत भांडतील, हा प्रश्न कवीला पडत नाही. तो पडला असता तर भारतीय भाषांतील तौलनिक अभ्यासाला एक अमोल संहिता लाभली असती.

गोविंदपुरम्‌च्या अलीकडच्या तिरुविडैमरुदूरला महालिंगस्वामींच्या देवळात हाती दिवा घेतलेली स्त्रीची एक धातुमूर्ती आहे. तिच्यावरील १८५३ च्या तमिळ लेखानुसार ती अम्मणी या भोसले कुळातील स्त्रीची. प्रतापसिंह नावाच्या आपल्या नात्यातील पुरुषाशी (वर आलेल्या राजाच्या नंतरचा हा दुसरा प्रतापसिंह) विवाह व्हावा म्हणून तिने लक्षदीपांचा नवस केला होता. मूर्ती हुबेहूब व्यक्तिचित्रासारखी आहे. लग्नाची इच्छा धातूत ओतली गेली, लेखात नोंदली गेली. पुढे त्या दोघांनी एकमेकांशी काय केले, कसे बोलले, हे नोंदण्यासाठी त्या संस्कृतीपाशी कोणताच साचा नव्हता.

महाराष्ट्रातील रंगभूमीचा आरंभही विवाहानेच झाला : सांगलीस १८४३ मध्ये ‘सीतास्वयंवर’. किर्लोस्करांचे ‘सौभद्र’ (१८८२) अर्जुन-सुभद्रेच्या लग्नापर्यंत पोहोचण्याची गोड युक्ती आहे. देवलांच्या ‘शारदे’ने (१८९९) विवाहमंडपातच विवाह मोडून दाखवला. ही क्रांती खरी, पण मंडप तोच. लग्नानंतरच्या घरात शिरण्याचे धाडस गडकऱ्यांनी केले. ‘एकच प्याला’ १९२० मध्ये बडोद्यास रंगभूमीवर आला, तेव्हा लेखक हयात नव्हता. सुधाकर आणि सिंधू यांचे घर प्रेक्षकांनी पाहिले, ते कोसळताना. येथून पुढे एक नियमच बनला म्हणावे. रंगभूमी संसार पाहते, पण तो मोडत असतानाच. ब्यर्न्सनच्या नाटकावर आधारलेले ‘आंधळ्यांची शाळा’ (१९३३), अत्र्यांचे ‘घराबाहेर’ (१९३४), रांगणेकरांचे ‘कुलवधू’ (१९४२) ही सारी नाटके उंबरठ्याची आहेत. इब्सेनच्या नोराने लावलेल्या दाराचा आवाज त्यांतून ऐकू येतो. आणि ते स्वाभाविकही आहे. तीन तासांच्या प्रयोगाला घटना लागते. ज्या घरात काही घडत नाही त्या घराचे नाटक रंगभूमीला करता येत नाही.

ज्या घरात काही घडत नाही त्याचे गद्य मात्र तोवर लिहिले जाऊ लागले होते, आणि तेही बडोद्यातच. चिंतामण विनायक जोशी (१८९२–१९६३) हे पालीचे प्राध्यापक. बौद्ध वाङ्मयाचा हा गंभीर अभ्यासक ‘एरंडाचे गुऱ्हाळ’ आणि ‘चिमणरावाचे चऱ्हाट’ या नावांनी, मराठी मध्यमवर्गाच्या घरातले काहीच न घडणे लिहून ठेवीत होता. बडोदा हे तंजावरप्रमाणेच महाराष्ट्राबाहेरचे मराठी राजपीठ. या दोन पीठांची गाठ एका लग्नानेच पडली होती. सयाजीराव गायकवाड यांचा पहिला विवाह १८८० मध्ये तंजावरच्या लक्ष्मीबाईंशी, म्हणजे पुढच्या पहिल्या चिमणाबाईंशी, झाला आणि वधूबरोबर तंजावरच्या नर्तकी व वादक यांचा ताफा आंदण म्हणून बडोद्यास गेला. तंजावरची नाट्यकला गुजरातेत पोहोचली ती अशी, रुखवताच्या वाटेने. चिमणाबाई १८८५ मध्ये निवर्तल्या. आंदण मात्र मागे राहिले आणि त्या कलेचा पुढचा इतिहास अभ्यासकांना ज्ञात आहे. बडोद्यात चिं. वि. जोशी लिहू लागले तेव्हा दरबारी कल्याणनाट्याचे ते जग आटत आले होते आणि पगारदार माणसाचे जग भरात आले होते.

चिमणराव हा पुण्यातला पांढरपेशा. अंगाने किरकोळ, स्वभावाने भित्रा, स्वतःविषयीच्या कल्पना मात्र प्रशस्त. सोबतीला आडदांड गुंड्याभाऊ. घरात आई, मोरू, मैना ही मुले आणि पत्नी काऊ. काऊचे पूर्ण नाव कावेरी असावे, हा निव्वळ योगायोग समजावा. नदीवरून मुलींची नावे ठेवण्याची रीत जुनीच आहे. कथा चिमणराव स्वतः सांगतो. विनोदाचे सारे मर्म या प्रथमपुरुषी निवेदनात आहे. तो जे सांगतो आणि वाचकाला जे कळते त्यांतील अंतर म्हणजे हास्य. पण याच निवेदनाची एक मर्यादाही आहे. काऊ आपल्याला भेटते ती नवऱ्याच्या तोंडून. ती बोलते तेव्हाही तिचे वाक्य त्याने निवडलेले असते, ती गप्प बसते तेव्हा त्या गप्प बसण्याचा अर्थ तोच लावतो. ओवीत नवरा बोलत नव्हता, येथे बायकोचे बोलणे नवऱ्याच्या स्वाधीन आहे. संसाराच्या दोन अर्ध्या बाजू मराठीत होत्या, पण वेगवेगळ्या वाङ्मयप्रकारांत, एकमेकींना अनोळखी.

या कथांवरून १९४० मध्ये चित्रपट निघाला, दिग्दर्शक मास्टर विनायक. दामुअण्णा मालवणकर चिमणराव आणि विष्णुपंत जोग गुंड्याभाऊ झाले. चित्रपटाचे नाव ‘लग्न पाहावे करून’, आणि कथानक लग्न जुळवण्याच्या खटाटोपाभोवती फिरणारे. म्हणीचा पूर्वार्ध घेतला, घर बांधून पाहण्याचा उत्तरार्ध सोडला! इतक्या संसारी लेखकाच्या हाती येऊनही बोलपट पुन्हा मांडवात गेला, यावरून ‘कल्याण’ या साच्याची पकड किती घट्ट होती ते ध्यानात यावे.

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. ‘आमची माती, आमची माणसं’, ‘गजरा’ असे कार्यक्रम रुजले. नाटके होत, पण ती रंगभूमीवरची छोटी भावंडे होती. पुढे ‘चिमणराव’ आले. विजया जोगळेकर आणि याकूब सईद यांची निर्मिती, दिलीप प्रभावळकर चिमणराव, बाळ कर्वे गुंड्याभाऊ, स्मिता पवार काऊ. प्रायोजित मालिकांचे युग अद्याप आले नव्हते. ‘हम लोग’ आणि ‘ये जो है जिंदगी’ यांना १९८४ उजाडायचे होते. त्यामुळे पुढच्या भागासाठी प्रेक्षकाला टांगून ठेवण्याची सक्ती या मालिकेवर नव्हती. प्रत्येक प्रसंग आपल्यापुरता सुरू होई आणि संपे. मागे उरत ती माणसे. बाळ कर्वे यांना लोक पुढे आयुष्यभर गुंड्याभाऊ म्हणूनच ओळखत राहिले. हे केवळ अभिनयाचे यश नव्हे. एका घराशी ठरावीक दिवशी ठरावीक वेळी येणेजाणे ठेवल्याचा तो परिणाम होता.

माध्यमाने येथे काय केले, हे नीट वेगळे काढले पाहिजे. नाटकाचा काळ शेवटाकडे धावतो, कीर्तनोत्सवाचा काळ वर्तुळात फिरून त्याच मुहूर्तावर येतो. दूरचित्रवाणीच्या मालिकेचा काळ या दोन्हींहून निराळा आहे. तो परत येतो, पण थोडा पुढे सरकून येतो, पगाराच्या तारखेसारखा. लग्नातील दैनंदिन जीवनाची लय नेमकी हीच असते. त्यातच पाहण्याची जागा घर ही होती. तेव्हा दूरदर्शनसंच थोड्या घरांत होते, शेजारच्यांच्या बैठकीत मंडळी गोळा होत. नवराबायको शेजारी बसून पडद्यावरचे नवराबायको पाहत आणि त्यांच्या हसण्याचा अर्थ एकमेकांना कळत असे. राधाकल्याणात प्रेक्षकाचा वऱ्हाडी होतो. येथे प्रेक्षकाचा शेजारी झाला.

सर्वांत मोठा बदल काऊच्या बाबतीत घडला. कॅमेऱ्यापुढे आल्यावर चिमणरावाची निवेदनावरील मक्तेदारी संपली. तो बढाई मारतो तेव्हा ती ऐकत असते आणि तिचे ऐकणे आता दिसते. पुस्तकात वाचकाने चिमणरावाच्या पाठीमागून जे ओळखायचे, ते पडद्यावर एका बाईच्या चेहऱ्यावर उमटते. वाचकाची जागा बायकोने घेतली, असे म्हटले तरी चालेल. रंगभूमीवर मागच्या रांगेपर्यंत पोहोचण्यासाठी बायकोला काही तरी म्हणावे लागते, रडावे लागते, निदान पदर सावरावा लागतो. छोट्या पडद्यावर नुसते पाहणे पुरते. संभाषण म्हणजे संसार हा मलयाळम अर्थ मराठी नाट्यात असा अवतरला. फरक एवढाच, की यातील निम्मे संभाषण न बोललेले होते.

जगात इतरत्र या नाट्यप्रकाराचा उगम याच स्थानी दिसतो. अमेरिकेत नोव्हेंबर १९४७ मध्ये ‘मेरी के अँड जॉनी’ ही मालिका सुरू झाली. प्रमुख पात्रे खऱ्या आयुष्यात नवराबायको होती आणि तिचे दिवस जाणे कथानकातच सामावून घेतले गेले. ‘आय लव्ह लूसी’ (१९५१) या मालिकेनेही खऱ्या दांपत्याचाच आधार घेतला. बीबीसीच्या ‘मॅरेज लाइन्स’मध्ये (१९६३) नवविवाहित जोडपे लंडनमधल्या खोलीत संसार मांडते. आणि १९७३ मध्ये इंगमार बर्गमनने स्वीडिश दूरचित्रवाणीसाठी सहा भागांत एका विवाहाची दृश्ये मांडली, तेव्हा या माध्यमाची खोली किती असू शकते हे दिसले. मराठी उदाहरण यांच्यापेक्षा एका बाबतीत वेगळे आहे. तेथे समकालीन जोडपे होते. येथे १९३०च्या दशकातील घर १९७०च्या दशकात पुन्हा उभे केले गेले, टोपी, कोट आणि धोतरासह. म्हणजे संसार दिसला तो एका पिढीच्या अंतरावरून, आजीआजोबांचा म्हणून. त्या अंतराने त्याला माया दिली आणि त्याची धारही बोथट केली.

हे दुसरे विधान टाळता येत नाही. मुंबई केंद्र सुरू झाले त्याच १९७२ मध्ये तेंडुलकरांचे ‘सखाराम बाइंडर’ रंगभूमीवर आले होते. स्त्रीपुरुषांच्या एकत्र राहण्यात किती हिंसा असू शकते हे मराठी प्रेक्षकाने पाहिले होते, त्यावरून न्यायालयापर्यंतचे वाद झाले होते. चिमणरावाच्या घरात त्याची सावलीही नाही. काऊला रुसता येते, टोमणा मारता येतो, घर सोडता येत नाही, आणि सोडावेसे वाटते का असे तिला कोणी विचारीत नाही. रुक्मिणी दिंडीरवनात जाऊन बसली होती. काऊ स्वयंपाकघरापर्यंतच जाते. बर्गमनच्या मेरियानला लाभलेले प्रश्न तिला लाभले नाहीत, आणि विनोदी प्रकृतीच्या मालिकेकडून ते अपेक्षिणे अन्यायाचे असले तरी पुढच्या मराठी मालिकांनी या सौम्यतेचाच वारसा अधिक घेतला, निरीक्षणाचा कमी. पुढे खाजगी वाहिन्यांच्या काळात तर उलटा प्रवास झाला. भरजरी साड्या, अनेक भाग चालणारे लग्न, मंगलाष्टके. तंजावरचा ‘कल्याण’ साचा शेकडो भागांच्या मालिकांत परत आला, फक्त त्याला राजाश्रयाऐवजी जाहिरातदार मिळाले.

‘चिमणराव’च्या अभ्यासातील खरी अडचण वेगळीच आहे. त्या काळी चित्रफीत महाग होती. एक कार्यक्रम पुसून तिच्यावर दुसरा ध्वनिचित्रित करण्याची रीत होती. आरंभीच्या वर्षांतील पुष्कळ काम अशा रीतीने नाहीसे झाले, आणि या मालिकेचेही मोजकेच भाग मागे राहिले. ‘मेरी के अँड जॉनी’ची गत याहून वाईट झाली, कारण ते थेट प्रक्षेपण होते. ‘आय लव्ह लूसी’ फिल्मवर चित्रित झाली म्हणून टिकली. विनय धुमाळे यांनी १९७९ मध्ये ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ हा चित्रपट केला, त्यात प्रभावळकर आणि कर्वे हेच नट आहेत. पण चित्रपटाचा काळ मालिकेचा नव्हे. जे पुसले गेले त्याची भरपाई त्याने होत नाही.

येथे एक चमत्कारिक सममिती दिसते. तंजावरच्या नाटकांच्या संहिता आहेत, प्रयोग नाहीसा झाला आहे. दरु कोणत्या चालीवर म्हणत, मराठी गद्य कोणत्या उच्चारांनी बोलत, हे पोथी सांगत नाही. मेलट्टूरच्या भागवतमेळ्यात तेलुगू कल्याणनाट्ये आजही होतात, त्यावरून अंदाज करावा लागतो. ‘चिमणराव’च्या बाबतीत मूळ कथा ग्रंथरूपाने सुखरूप आहेत. हरवले ते नेमके त्यांत नसलेले, म्हणजे काऊचे ऐकणे. ते एखाद्या स्मृतिलेखात, जुन्या प्रेक्षकाच्या सांगण्यात सापडते, पण उद्धृत करता येत नाही.

आणि कुंभकोणमकडे परत आले तर हा प्रश्न अधिक टोकदार होतो. तंजावर, कुंभकोणम या पट्ट्यातील मराठी कुटुंबांत मराठी टिकली ती दरबार गेल्यावर, शाळा तमिळमध्ये आणि कचेरी इंग्रजीत असताना, केवळ घरात. ती नवऱ्याने बायकोला हाक मारण्याची, सासूने सुनेला काम सांगण्याची, मुलाला जेवायला बोलावण्याची भाषा राहिली. तमिळ शब्द पोटात घेऊन आणि जुनी रूपे धरून ठेवून ती चालली. अक्षरशः संसाराची भाषा. तिच्या बोलण्यातील पुष्कळसा भाग पुण्यामुंबईच्या माणसाला जुन्या बखरीतून ऐकल्यासारखा वाटतो. मुंबई केंद्राचे प्रक्षेपण या घरांपर्यंत पोहोचत नव्हते. मद्रास केंद्र १५ ऑगस्ट १९७५ रोजी सुरू झाले, ते तमिळचे. ज्या वर्षांत पुण्यामुंबईच्या मराठी प्रेक्षकाला आपला संसार पडद्यावर प्रथम दिसत होता, त्या वर्षांत कावेरीकाठच्या मराठी घरांना तो दिसत नव्हता.

गोविंदपुरम्‌च्या मंदिरात आज अभंग ऐकू येतात. ते म्हणणाऱ्यांपैकी अनेकांची मातृभाषा तमिळ आहे. पाठ केलेले शुद्ध मराठी शब्द, त्यांना तमिळ उच्चारांची किनार, आणि विवाहोत्सवाचा थाट. मराठी तेथे पुन्हा कल्याणाची भाषा झाली आहे. तिथून काही किलोमीटरवरच्या कुंभकोणममधल्या एखाद्या जुन्या घरात ऐंशीच्या घरातली स्त्री नवऱ्याला औषधाची वेळ झाली म्हणून सांगते. त्या वाक्यात क्रियापद मराठी, औषधाचे नाव इंग्रजी, वेळ तमिळ आणि चिडचिड भाषातीत असते. तो उत्तर देत नाही. ती पाण्याचा पेला ठेवून निघून जाते.